बडोद्याच्या विजयाबाई



खेड्यापाड्यांतील आपल्या कुटुंबांत एक प्रश्न आता पूर्वीपेक्षा अधिक वेळा ऐकू येतो. सणाच्या संध्याकाळी चर्चच्या आवारात नाटक होते. त्यात एखादी मुलगी चांगले काम करते, लोक टाळ्या देतात, आणि काही महिन्यांनी ती घरी सांगते की मला नाट्यशिक्षण घ्यावयाचे आहे. बाप गप्प बसतो. आई देवासमोर मेणबत्ती लावते. आजी मात्र स्पष्ट बोलते, "नाटकवालीला कोण पत्करील?" मग हे सारे प्रकरण धर्मगुरूकडे येते. फादर, तुम्हीच सांगा, पाठवावी की नाही?

अशा प्रश्नाला एका शब्दात उत्तर देणे सोपे असते, परंतु ते क्वचितच न्यायाचे असते. म्हणून या वेळी उपदेशाऐवजी एका स्त्रीचे चरित्र आपल्यापुढे ठेवतो. त्या आमच्या बडोद्याच्या. मराठी रंगभूमीवरील लहानथोर सारे त्यांना केवळ 'बाई' म्हणतात. शाळेत शिक्षिकेला ज्या आदराने आणि थोड्या धाकाने 'बाई' म्हणतात, तोच आदर आणि तोच धाक या हाकेत आहे. त्यांचे नाव विजया मेहता.

विजयाबाईंचा जन्म ४ नोव्हेंबर १९३४ रोजी बडोद्यात झाला. माहेरचे आडनाव जयवंत. त्या काळचे बडोदे कसे होते हे ठाऊक असल्याशिवाय या जन्मस्थानाचे महत्त्व कळावयाचे नाही. नाशिक जिल्ह्यातील कवळाणे या खेड्यातून दत्तक आलेले सयाजीराव गायकवाड १८७५ साली गादीवर बसले आणि १९३९ पर्यंत त्यांनी राज्य केले. त्यांनी १९०६ साली संस्थानभर प्राथमिक शिक्षण सक्तीचे व मोफत केले. शेतकऱ्याचे मूलही शाळेत गेले पाहिजे, असा त्यांचा दंडक होता. संगीताची शाळा बडोद्यात त्याहूनही आधी, १८८६ साली, सुरू झाली होती. बालगंधर्वांच्या गंधर्व नाटक मंडळीला बडोदे दरबाराचा आश्रय होता. गुजरातेच्या भूमीवर असूनही या नगरात मराठी भाषेचा संसार थाटात चालला होता. मराठी साहित्य संमेलन येथे १९०९ आणि १९२१ साली भरले, आणि तिसऱ्यांदा भरले ते १९३४ साली, म्हणजे विजयाबाईंच्या जन्माच्याच वर्षी. पुढे २०१८ साली ते पुन्हा येथे आले. आमच्या नागरवाड्यात, रावपुऱ्यात, दांडिया बाजारात आजही मराठी घरे आहेत. तेथील लेकरे घरात मराठी आणि दारात गुजराती बोलतात. अशा दुभाषी नगराने मराठी रंगभूमीला आपली एक लेक दिली, हे आमच्याच मुलांना सांगावे लागते. म्हणून या लेखाचा अर्धा हेतू तोही आहे.

विजयाबाईंचे पुढील शिक्षण मुंबईत झाले. त्या मुंबई विद्यापीठाच्या पदवीधर झाल्या. नाट्यकलेचे धडे त्यांनी इब्राहिम अल्काझी आणि आदी मर्झबान या दोन गुरूंकडे घेतले. अल्काझी हे पुण्यात जन्मलेले, अरबी वंशाच्या कुटुंबातील. पुण्याच्या सेंट व्हिन्सेंट हायस्कुलात आणि पुढे मुंबईच्या सेंट झेवियर कॉलेजात, म्हणजे येशूसंघीयांच्या दोन विद्यालयांत, त्यांचे शिक्षण झाले होते. नंतर ते दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयाचे संचालक झाले आणि १९६२ पासून १९७७ पर्यंत त्यांनी ती संस्था घडविली. मर्झबान हे पारशी रंगभूमीचे आधारस्तंभ होते. एक अरब वंशाचा आणि एक पारशी, अशा दोन गुरूंकडे ही मराठी मुलगी शिकली. विद्येला जातपात नसते, हे वाक्य आपण सभेत पुष्कळदा ऐकतो. येथे ते प्रत्यक्षात उतरलेले दिसते.

'शिकली' हा शब्द मी मुद्दाम वापरतो. अभिनय ही शिकण्याची वस्तू आहे, असे आपल्याकडे फारसे कोणी मानीत नाही. गळा गोड असला, चेहरा बरा असला आणि भीड चेपली, की नट तयार झाला, अशी समजूत असते. सुतार पाच वर्षे रंधा मारतो तेव्हा त्याच्या हाताला बाक समजतो. नटाचे लाकूड म्हणजे त्याचे स्वतःचेच शरीर, आवाज आणि मन. त्यावर रंधा मारणे त्याहून कठीण, कारण येथे कारागीर आणि लाकूड एकच. विजयाबाईंनी आधी हे स्वतः शिकून घेतले आणि नंतर इतरांना शिकविले. त्यांच्या साऱ्या आयुष्याचे सूत्र मला यातच दिसते.

त्यांचा विवाह हरीन खोटे यांच्याशी झाला. हरीन हे थोर अभिनेत्री दुर्गा खोटे यांचे पुत्र. या सासूबाईंची ओळख आपल्या वडीलधाऱ्यांना करून द्यावयास नको. तरुणांसाठी थोडे सांगतो. दादासाहेब फाळके यांनी १९१३ साली 'राजा हरिश्चंद्र' हा मूकपट काढला, तेव्हा तारामतीच्या भूमिकेसाठी त्यांना स्त्री मिळाली नाही. अखेर अण्णा साळुंके नावाच्या पुरुषाला लुगडे नेसवावे लागले. पुढे १९३२ साली प्रभात कंपनीने 'अयोध्येचा राजा' हा पहिला मराठी बोलपट काढला. त्यातही तारामतीच होती, परंतु या वेळी ती भूमिका दुर्गाबाईंनी केली. मुंबईच्या सुशिक्षित, प्रतिष्ठित घरातली, सेंट झेवियर कॉलेजात गेलेली ही स्त्री. सासरची आर्थिक घडी विस्कटली होती आणि पदरी दोन लहान मुले होती. समाजाने नाके मुरडली. दुर्गाबाईंनी काम चोख केले, मान खाली घातली नाही, आणि तेच त्यांचे उत्तर ठरले. पन्नास वर्षांनी, १९८३ चा दादासाहेब फाळके पुरस्कार देऊन राष्ट्राने त्यांचा गौरव केला. 'बॉबी' या १९७३ च्या चित्रपटातील मिसेस ब्रगांझा आपल्यापैकी पुष्कळांना आठवत असतील. त्या गोव्याकडच्या ख्रिस्ती आजीबाईही दुर्गाबाईच होत्या.

अशा घरात विजयाबाई सून म्हणून आल्या. परंतु सुख फार काळ टिकले नाही. हरीन खोटे अकाली निवर्तले आणि दोन लहान मुलांची जबाबदारी विजयाबाईंवर येऊन पडली. एका पिढीपूर्वी सासूने दोन मुलांसाठी कंबर कसली होती, आता तीच पाळी सुनेवर आली. पुढे त्यांचा विवाह फारुख मेहता या पारशी गृहस्थांशी झाला आणि त्या विजया मेहता या नावाने सर्वत्र ओळखल्या जाऊ लागल्या. दुःखाचे भांडवल करणारी माणसे आपण पाहतो, आणि दुःखाने कडवट झालेलीही पाहतो. विजयाबाईंनी या दोहोंपैकी काहीही केले नाही. त्यांनी काम केले.

ते काम कोणते? विजयाबाईंनी १९६० साली नाटककार विजय तेंडुलकर, अरविंद देशपांडे, श्रीराम लागू अशा सहकाऱ्यांसह 'रंगायन' ही संस्था स्थापिली. तोपर्यंत मराठी नाटक म्हणजे मोठे थिएटर, तिकिटाची खिडकी, टाळ्यांची वाक्ये आणि पडद्याआडून वाक्ये पुरविणारा प्रॉम्प्टर. 'रंगायन'ने निराळा मार्ग धरला. प्रेक्षक थोडे, प्रयोग थोडे, परंतु तालमी पुष्कळ. नाटकातले एक वाक्य का बोलले जाते, बोलणारा त्या क्षणी कोठे उभा असतो, न बोललेले काय असते, याचा विचार आठवडेच्या आठवडे करावयाचा. पैसा त्यात नव्हता. प्रसिद्धीही बेताचीच होती. तेंडुलकर, चिं. त्र्यं. खानोलकर अशा नव्या लेखकांना मात्र आपले शब्द तपासून पाहण्यासाठी एक जागा मिळाली. खानोलकरांचे 'एक शून्य बाजीराव' हे नाटक विजयाबाईंनी १९६६ साली रंगमंचावर आणले. समजावयास कठीण, परंतु विसरावयास त्याहून कठीण, अशी त्याची ख्याती आहे.

'रंगायन' संस्था म्हणून फार वर्षे टिकली नाही. मतभेद झाले, माणसे निरनिराळ्या वाटांनी गेली, आणि १९७१ साली अरविंद व सुलभा देशपांडे यांनी 'आविष्कार' ही नवी संस्था काढली. परंतु गव्हाचा दाणा मातीत गेल्यावाचून कणीस येत नाही, हे शेतकऱ्याला सांगावे लागत नाही. त्या दहा-बारा वर्षांत घडलेल्या माणसांनी पुढची कित्येक दशके मराठी रंगभूमी चालविली.

युजीन आयनेस्को या लेखकाचे 'खुर्च्या' हे नाटक विजयाबाईंनी मराठीत आणले. एक म्हातारा आणि एक म्हातारी. त्यांच्याकडे पाहुणे येतात, पण ते कोणाला दिसत नाहीत. दोघे खुर्च्यांवर खुर्च्या मांडीत जातात आणि सारा रंगमंच रिकाम्या खुर्च्यांनी भरून जातो. एवढीच गोष्ट. पहिल्यांदा ऐकताना हसू येते. परंतु ज्यांची मुले आखाती देशांत वा परदेशी गेली आहेत, अशा घरांत नाताळच्या दिवशी जाऊन पाहावे. टेबलाभोवतीच्या खुर्च्या मोजाव्या. मग हे नाटक परक्या देशातले वाटावयाचे नाही.

याच दुःखाचे मराठी रूप जयवंत दळवी यांनी 'संध्याछाया'त लिहिले. त्याचे दिग्दर्शन विजयाबाईंनी केले आणि म्हाताऱ्या नानीची भूमिकाही त्यांनीच केली. त्या वेळी त्यांनी चाळिशीही ओलांडली नव्हती. नाना आणि नानी या वृद्ध दांपत्याचा एक मुलगा अमेरिकेत, दुसरा सैन्यात. पहिला परत येत नाही आणि दुसरा येऊ शकत नाही. दोघे दिवस ढकलतात, दारावरच्या प्रत्येक चाहुलीने उठून बसतात, भलत्याच माणसाशी गप्पा मारून वेळ काढतात. शेवटी ते जीवनाचाच त्याग करावयास निघतात. या शेवटाशी आपली श्रद्धा सहमत होऊ शकत नाही. आयुष्य हे आपल्या मालकीचे नसून आपल्या स्वाधीन केलेली ठेव आहे, असे आपण मानतो. परंतु म्हणून ते नाटक त्याज्य ठरवावे काय? मला तसे वाटत नाही. नाटकाने त्या दोघांचा निर्णय योग्य आहे असे सांगितलेले नाही. त्यांना तेथवर कोणी आणले, हे दाखविले आहे. ज्याच्या गावी म्हातारी आई एकटी बसली आहे, असा मुलगा हे नाटक पाहून घरी परतला आणि त्याने तिला पत्र लिहिले किंवा फोन केला, तर माझ्या दहा प्रवचनांहून ते काम मोठे झाले, असे मी समजेन.

आता एका निराळ्या नाटकाविषयी. जर्मन नाटककार बेर्टोल्ट ब्रेख्त साम्यवादी विचारांचा. त्याच्या 'खडूचे वर्तुळ' या कथेवरून खानोलकरांनी 'अजब न्याय वर्तुळाचा' हे मराठी रूप केले, आणि विजयाबाईंनी ते रंगभूमीवर आणून ब्रेख्तला मराठी प्रेक्षकांच्या ओळखीचा केला. बंडाळीत राज्याचा सुभेदार मारला जातो. त्याची बायको कपडेलत्ते गोळा करण्याच्या नादात तान्हे बाळ टाकून पळते. एक गरीब दासी ते बाळ उचलते, डोंगरदऱ्या तुडविते, उपाशी राहून त्याला वाढविते. पुढे शांतता होते. जन्मदात्री आई मुलावर हक्क सांगत येते, कारण मुलाच्या नावावर इस्टेट आहे. न्यायाधीश खडूने वर्तुळ काढतो, मुलाला मध्ये उभे करतो आणि दोघींना सांगतो, ओढा. दासी हात सोडून देते, कारण ओढले तर मुलाला दुखेल. आणि न्यायाधीश मूल तिलाच देतो.

पवित्र शास्त्र वाचणाऱ्याला येथे लगेच शलमोन राजाची आठवण होईल. राजांच्या पहिल्या पुस्तकातील तिसऱ्या अध्यायात तलवार मागविणारा राजा आणि 'मूल तिला द्या, पण मारू नका' म्हणणारी आई आहे. परंतु दोन कथांत एक भेद आहे, आणि तो विचार करण्याजोगा आहे. शलमोनाच्या दरबारात मूल सोडणारी स्त्रीच खरी जन्मदाती ठरते. या नाटकात मूल सोडणारी जन्मदाती नसते, तरीही आई ठरते. पोटी जन्म देणे आणि हातांनी वाढविणे, यांपैकी मातृत्व कशात आहे? आपल्या गावांत पोरक्या पुतण्याला वाढविणाऱ्या काकू आहेत, अनाथालयातील सिस्टर आहेत, सावत्र मुलांसाठी स्वतःच्या तोंडचा घास काढणाऱ्या बाया आहेत. त्यांना हे उत्तर फार पूर्वीपासून ठाऊक आहे.

या कामामुळे जर्मनीशी जुळलेला संबंध पुढे वाढला. पूर्व जर्मनीचे दिग्दर्शक फ्रिट्स बेनेविट्स यांच्या सहकार्याने विजयाबाईंनी 'मुद्राराक्षस' हे विशाखदत्ताचे संस्कृत नाटक जर्मन नटांकडून आपल्या पारंपरिक शैलीत करवून घेतले. गिरीश कार्नाड यांचे 'हयवदन' १९८४ साली वायमार येथे आणि 'नागमंडल' १९९२ साली लाइप्झिग येथे त्यांनी दिग्दर्शित केले. वायमार हे महाकवी गटेचे नगर. कालिदासाच्या शाकुंतलाचे जर्मन भाषांतर १७९१ साली वाचून गटे हर्षभरित झाला होता. त्याच नगरातील नटांना दोनशे वर्षांनी बडोद्याची एक स्त्री भारतीय पद्धतीने चालावे कसे, हात जोडावे कसे, हे शिकवीत होती.

घरच्या रंगभूमीवरही त्यांचे काम थांबले नव्हते. दळवींच्या 'बॅरिस्टर' या १९७७ च्या नाटकात विक्रम गोखले हे विलायतेहून परतलेले बॅरिस्टर झाले, सुहास जोशी राधा झाल्या आणि विजयाबाई मावशी झाल्या. काळ गेल्या शतकाच्या प्रारंभीचा. बॅरिस्टर सुधारणेविषयी तोंडभर बोलतो. परंतु शेजारची तरुण राधा विधवा होते आणि प्रत्यक्ष हात पुढे करण्याची वेळ येते, तेव्हा त्याचे धैर्य गळते. धैर्य दाखविते ती केशवपन झालेली, लाल आलवणातली, आयुष्यभर मागच्या खोलीत राहिलेली मावशी. या नाटकावरून विजयाबाईंनी १९८६ साली 'रावसाहेब' हा हिंदी चित्रपट दिग्दर्शित केला आणि त्यातील मावशीच्या भूमिकेसाठी त्यांना साहाय्यक अभिनेत्रीचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. स्वतःवर अकाली वैधव्याचा घाव सोसलेल्या स्त्रीने ही भूमिका केली, याविषयी मी अधिक लिहीत नाही. वाचकांनी ते मनातच समजावे.

अनिल बर्वे यांच्या 'हमीदाबाईची कोठी'त त्या जुन्या घराण्याची, काळाच्या प्रवाहात एकाकी पडत चाललेली गायिका झाल्या. त्या नाटकात त्यांच्यासमवेत नीना कुलकर्णी, भारती आचरेकर, नाना पाटेकर, अशोक सराफ हे तेव्हाचे तरुण नट होते. पुढे ही नावे घरोघरी पोहोचली. महेश एलकुंचवार यांचे 'वाडा चिरेबंदी' त्यांनी १९८५ साली बसविले. विदर्भातील एका जुन्या वाड्यात म्हातारे वडील वारले आहेत. तेराव्याचा खर्च कोणी करावयाचा, सोने कोणाला, जमीन कोणाची, यावरून भावंडे एकमेकांकडे पाहत बसली आहेत. अंगणात एक नादुरुस्त ट्रॅक्टर गंजत उभा आहे. ज्या ज्या गावात वडिलोपार्जित घराच्या वाटण्या झाल्या आहेत, तेथे या नाटकाचे निराळे स्पष्टीकरण देण्याची गरज नाही.

चित्रपटांत विजयाबाईंनी मोजकेच काम केले. श्याम बेनेगल यांचा 'कलयुग' १९८१ चा. गोविंद निहलानी यांच्या १९८४ च्या 'पार्टी'त त्या कलावंतांना आपल्या दिवाणखान्यात जमविणाऱ्या श्रीमंत स्त्रीच्या भूमिकेत होत्या आणि त्याबद्दल आशिया-पॅसिफिक चित्रपट महोत्सवात त्यांना उत्कृष्ट अभिनेत्रीचा मान मिळाला. 'पेस्तनजी' या चित्रपटात त्यांनी पारशी समाजाचे अंतरंग मायेने चितारले. संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार १९७५ साली आणि पद्मश्री १९८७ साली त्यांना लाभली. पुढे १९९३ पासून मुंबईच्या नॅशनल सेंटर फॉर द परफॉर्मिंग आर्ट्स या संस्थेची धुरा त्यांनी अनेक वर्षे वाहिली. 'झिम्मा' हे त्यांचे आत्मकथन २०१२ साली प्रसिद्ध झाले.

परंतु ख्रिस्ती वाचकांनी ज्यासाठी त्यांचे विशेष ऋणी असावे, ती गोष्ट मी मुद्दाम शेवटी ठेविली आहे. लक्ष्मीबाई टिळक यांची 'स्मृतिचित्रे' त्यांनी दूरदर्शनच्या पडद्यावर आणली. जुन्या वळणाच्या ब्राह्मण घरातली लक्ष्मीबाई १८६८ साली जन्मली. पती नारायण वामन टिळक यांनी १८९५ साली बाप्तिस्मा घेतला आणि या बिचारीचा संसार एका दिवसात मोडला. पाच वर्षे ती पतीपासून दूर राहिली. रडली, रागावली, सोवळे-ओवळे पाळीत राहिली. आणि मग एकेक गाठ स्वतःच्या हाताने सोडवीत ती आधी पतीकडे आणि नंतर प्रभूकडे आली. टिळक दांपत्य आपल्या कॅथलिक पंथाचे नव्हते, अमेरिकन मराठी मिशनचे होते. परंतु टिळकांची भजने साऱ्या मराठी ख्रिस्ती मंडळींच्या ओठांवर आहेत, आणि 'स्मृतिचित्रे' तर साऱ्या महाराष्ट्राची ठेव आहे. धर्मांतर हा शब्द उच्चारला की आपल्या देशात आवाज चढतात. विजयाबाईंनी मात्र त्यात एका नवराबायकोची कथा पाहिली. दोघे एकमेकांवर प्रेम करतात, देवाविषयी त्यांचे मत जुळत नाही, आणि तरी ती एकमेकांना सोडीत नाहीत. स्वतः ख्रिस्ती नसलेल्या एका स्त्रीने आपल्या श्रद्धेची कथा इतक्या समजुतीने हजारो घरांत नेली, हे उपकार लहान नव्हेत.

येथे इटलीतील एका स्त्रीची आठवण होते. एलेओनोरा दूझे ही गावोगाव फिरणाऱ्या नाटकमंडळीच्या कुटुंबात १८५८ साली जन्मली आणि अगदी बालपणीच रंगमंचावर उभी राहिली. तोंडाला रंग न फासता केवळ मनातील भावाने चेहरा पालटणारी नटी, अशी तिची युरोपभर कीर्ती होती. दौऱ्यावर असतानाच १९२४ साली अमेरिकेत तिचे निधन झाले. तिने चित्रपट केला तो एकच, १९१६ सालचा 'चेनेरे', म्हणजे 'राख', आणि त्यातही भूमिका एका आईची. तो मूकपट असल्याने तिचा आवाज त्यात नाही. नटाची कला ही अशी असते. चित्रकाराचे चित्र उरते, कवीचे पुस्तक उरते, नटाचा प्रयोग मात्र पडदा पडताच संपतो. विजयाबाईंनी आपली काही नाटके चित्रपट आणि दूरदर्शन यांच्या रूपाने राखून ठेविली, परंतु त्याहून टिकाऊ असे काही त्यांनी माणसांत ठेविले. त्यांच्या तालमीत घडलेले नट पुढे दुसऱ्यांना शिकवू लागले. दिव्याने दिवा लागतो तो असा.

आता मूळ प्रश्नाकडे येतो. मुलीला पाठवावे की नाही? या चरित्राच्या आधारे मी पालकांना तीन गोष्टी विचारावयास सांगेन. पहिली, तिला शिकावयाचे आहे की केवळ दिसावयाचे आहे? जिला केवळ दिसावयाचे आहे तिला समजावून थोडे थांबवावे. जिला शिकावयाचे आहे तिला अडवू नये. दुसरी, ती कोणाकडे जाणार? चांगला गुरू आणि चांगली संगत असेल तर नाट्यगृह हीही एक शाळा होते, आणि ती नसेल तर शाळासुद्धा बिघडते. म्हणून बापाने स्वतः जाऊन ती जागा पाहावी, गुरूशी बोलावे, तालीम किती वाजता संपते आणि मुलगी घरी कशी येणार, हेही विचारावे. तिसरी, पैसा आणि टाळ्या मिळाल्या नाहीत तरी ती हे काम करील काय? 'रंगायन'च्या तालमींत या दोन्ही गोष्टी फारशा नव्हत्या.

या तिन्ही प्रश्नांना सरळ उत्तर आले, तर आजीच्या प्रश्नाला भिऊ नये. 'नाटकवालीला कोण पत्करील' हा प्रश्न १९३२ साली दुर्गाबाईंनाही ऐकावा लागला असेल. अखेरीस त्यांना साऱ्या महाराष्ट्राने पत्करले. आणि मुलीला नाही म्हणावयाचे असेल, तरी तिच्या दोषासाठी म्हणावे, लोकांच्या तोंडासाठी म्हणू नये. मुलीच्या अंगी एखादे दान असेल, तर ते आईबापांनी दिलेले नसते. ते जमिनीत पुरून ठेवणाऱ्या चाकराला त्याच्या धन्याने काय उत्तर दिले, हे आपण दर वर्षी उपासनेत ऐकतो.

विजयाबाईंच्या जन्माला ४ नोव्हेंबर २०२४ रोजी नव्वद वर्षे पूर्ण झाली. येत्या सणाला आपल्या गावात नाटक बसवावयाचे असेल, तर तरुण मंडळींनी थोडी घाई कमी करावी. नाटक आधी एकत्र बसून वाचावे. प्रत्येक वाक्य का आहे ते एकमेकांना विचारावे. प्रॉम्प्टरवाचून पाठ करावे. आणि मुलींच्या भूमिका मुलींनाच द्याव्या. तेवढे झाले तरी या लेखाचे काम झाले.